सदाशिव अमरापूरकर वाया गेले नाहीत

सदाशिव अमरापूरकर यांचं नाव निघालं की नगरकर पहिली दोन वाक्यं अभिमानाने बोलतो आणि तिसऱ्या वाक्याला हळहळायला लागतो. 'अर्धसत्य'मध्ये काय काम केलं होतं माणसाने! आणि पुढे? पुढे गोविंदाच्या चित्रपटांतले इन्स्पेक्टर, लग्नं जुळवणारे मध्यस्थ, शेवटच्या रिळात नायकाच्या हातून मार खाणारे खलनायक. एवढ्या ताकदीचा नट, पण नायक कधी झाला नाही. मराठी रंगभूमीने त्याला गमावला, हिंदीने वापरून टाकला. आणि शेवटी 'वाया गेला' हे दोन शब्द. पुण्या-मुंबईच्या जाणकारांच्या बैठकीत हीच हळहळ जरा भारदस्त भाषेत चालते. तिथे 'साचेबद्ध भूमिका', 'व्यावसायिक तडजोड' असे शब्द येतात. निष्कर्ष मात्र तोच.

3 नोव्हेंबर 2014 रोजी अमरापूरकर गेले. दहा वर्षांहून अधिक काळ लोटला, तरी हे पालुपद थांबलेलं नाही. त्याला हळहळीचं गोड रूप असल्यामुळे कुणी त्याचा प्रतिवादही करत नाही. मेलेल्या माणसाबद्दल आपुलकीने बोलणाऱ्याशी वाद कशाला घालायचा, असं लोकांना वाटतं. वाद घालायला हवा. कारण या आपुलकीच्या पोटात एका नटाच्या तीस-पस्तीस वर्षांच्या कामाची अवहेलना आहे, आणि त्याच्यासारख्या प्रत्येक चरित्र अभिनेत्याची आहे.

म्हणणं नीट मांडू. एक : ज्याच्या वाट्याला दुय्यम भूमिका आल्या तो नट दुय्यम. दोन : 'अर्धसत्य'मधला रामा शेट्टी ही एकच मोठी भूमिका, बाकी तिचीच झेरॉक्स. तीन : पैशासाठी माणूस भरकटला. आणि चौथं, जे जरा दबक्या आवाजात म्हटलं जातं : नटाने नटासारखं राहावं, होळीत जाऊन लोकांना पाणी वाचवायचे धडे देण्याची नसती उठाठेव कशाला?

पहिल्या आक्षेपाला 'अर्धसत्य'च पुरेसं उत्तर देतो. 1983 सालचा हा चित्रपट ओम पुरी यांचा आहे, अनंत वेलणकर या फौजदाराचा आहे, याबद्दल कुणाचं दुमत नाही. श्री. दा. पानवलकरांची 'सूर्य' ही कथा, विजय तेंडुलकरांची पटकथा, गोविंद निहलानी यांचं दिग्दर्शन. रामा शेट्टी त्यात मोजक्याच प्रसंगांत दिसतो. त्यातला एक प्रसंग पुन्हा काढून बघावा. वेलणकर त्याला अटक करायला जातो. अंगावर वर्दी आहे, हातात पुरावा आहे, डोक्यात संताप आहे. रामा शेट्टी गडबडत नाही. आवाज चढवत नाही. दारात आलेल्या फौजदाराकडे वसुलीला आलेल्या माणसाकडे बघावं तसं बघतो आणि फोन उचलतो. वरून हुकूम येतो. वेलणकरला हात हलवत परत फिरावं लागतं.

समजा, हा प्रसंग दुसऱ्या एखाद्या नटाने डोळे वटारून, गडगडाटी हसून केला असता. मग चित्रपट एका गुंडाविरुद्ध एका पोलिसाच्या लढाईचा झाला असता, आणि त्या काळात तसे चित्रपट दर शुक्रवारी लागत होते. अमरापूरकरांनी रामा शेट्टीला घाई दिली नाही. ज्याला घाई नाही त्याला भीती नाही, आणि ज्याला भीती नाही त्याच्या मागे कुणीतरी उभं आहे, हे प्रेक्षकाला त्या संथ बोलण्यातूनच कळतं. वेलणकर ज्या व्यवस्थेवर डोकं आपटतो आहे ती व्यवस्था पडद्यावर दुसऱ्या कुठल्याही रूपात दिसत नाही. ती फक्त रामा शेट्टीच्या बसण्यात आणि बोलण्यात दिसते. शेवटी वेलणकर त्याचा गळा आवळतो तेव्हा प्रेक्षकाला सुटल्यासारखं वाटत नाही, उलट घुसमटायला होतं. तेही याच कारणाने. आता सांगा, यात दुय्यम काय आहे? मिनिटं कमी आहेत, एवढंच.

त्या वर्षीचा सहाय्यक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार त्यांना मिळाला. तेव्हा ते तेहेतीस वर्षांचे होते, आणि ते कुठून आभाळातून पडले नव्हते. 11 मे 1950 रोजी नगरला जन्मलेला गणेशकुमार नरवोडे हा मुलगा शाळा-कॉलेजपासून नाटकं करत होता. इतिहासात एम. ए. केलं. 1974मध्ये रंगभूमीसाठी सदाशिव अमरापूरकर हे नाव घेतलं. चापेकर बंधूंवरच्या '22 जून 1897' या मराठी चित्रपटात त्यांनी लोकमान्य टिळक उभे केले. 'हॅण्ड्स अप' या नाटकातलं त्यांचं काम निहलानी यांनी पाहिलं आणि रामा शेट्टी त्यांच्याकडे आला. म्हणजे टिळक आणि रामा शेट्टी ही दोन टोकं या नटाने कारकिर्दीच्या पहिल्या काही वर्षांतच गाठली होती. साचा म्हणतात तो हाच का?

दुसऱ्या आक्षेपाची अडचण ही, की तो घेणारे लोक चित्रपटांच्या तारखा बघत नाहीत. 1987मध्ये 'हुकूमत' आला. धर्मेंद्र नायक, आणि दीनबंधू दीनानाथ नावाचा खलनायक अमरापूरकर. त्या वर्षीच्या तुफान चाललेल्या चित्रपटांपैकी हा एक. याच काळात श्याम बेनेगलांची 'भारत एक खोज' ही मालिका दूरदर्शनवर आली. 1988च्या सुमारास घराघरांत रविवारी सकाळी माणसं ती बघत बसायची. त्या मालिकेत महात्मा जोतीराव फुले झाले ते हेच अमरापूरकर. थोड्याच काळापूर्वी थिएटरात ज्याला लोकांनी शिव्या घातल्या, त्याच माणसाला फुल्यांच्या पागोट्यात त्यांनी मान तुकवून ऐकलं. मालिका त्रेपन्न भागांची, नटांची फौज मोठी. फुल्यांचं काम कुणाला द्यायचं हे बेनेगलांसारखा माणूस बाजारभाव बघून ठरवणार होता का?

1995 हे वर्ष घ्या. डेव्हिड धवनचा 'कुली नं. 1' त्याच वर्षीचा, आणि सुमित्रा भावे-सुनील सुकथनकर यांचा 'दोघी'ही त्याच वर्षीचा. पहिल्यात शादीराम घरजोडे, दुसऱ्यात मामा. हळहळणाऱ्या मंडळींच्या यादीत पहिला चित्रपट असतो, दुसरा नसतो. 'दोघी'तलं घर लग्नाच्या दिवशी उद्ध्वस्त होतं. वऱ्हाड वाटेत अपघातात जातं, मुलीच्या कपाळी अपशकुनीपणा येतो, गाव पाठ फिरवतं, आणि मग मामा मुंबईचा रस्ता दाखवतो. हा मामा राक्षस नाही. बहिणीच्या घराची त्याला काळजी आहे, तो नात्यातलाच माणूस आहे, त्याच्या तोंडी व्यवहाराचं बोलणं आहे. आणि त्या व्यवहारात भाची विकली जाते. अमरापूरकरांनी त्याला खलनायकाची एकही खूण दिली नाही. ती दिली असती तर बघणाऱ्याला सोपं गेलं असतं, सगळा दोष एका माणसावर टाकून घरी जाता आलं असतं.

याच्या चार वर्षं आधी महेश भट यांच्या 'सडक'मध्ये त्यांनी महाराणी केली होती, कुंटणखाना चालवणारी तृतीयपंथी. त्या भूमिकेसाठी फिल्मफेअरने नव्याने सुरू केलेल्या खलनायकी भूमिकेच्या पुरस्काराचे ते पहिले मानकरी ठरले. तृतीयपंथी व्यक्तीला भीतीचं बाहुलं करण्याची त्या चित्रपटाची नजर आज खटकते, खटकायलाच हवी. ती नजर लेखणीतून आणि कॅमेऱ्यातून आली. नटाच्या कामापुरतं बोलायचं तर महाराणी आणि मामा एकमेकांशेजारी ठेवून बघावेत. धंदा एकच, बाईच्या शरीराचा. महाराणी तो गर्जत, टाळ्या वाजवत करते. मामा तो खाली मान घालून, दोन घास पोटात जावेत म्हणून करतो. एकाच बाजाराची दोन तोंडं एकाच नटाने चार वर्षांच्या अंतराने दाखवली. झेरॉक्स म्हणणाऱ्याने या दोन भूमिकांत एक तरी लकब सारखी काढून दाखवावी.

आणि शादीराम घरजोडेचं तरी काय चुकलं? 'कुली नं. 1'ची गोष्ट आठवा. पैशाच्या घमेंडीत होशियारचंद लग्न जुळवणाऱ्या शादीरामचा अपमान करतो. शादीराम त्याला धडा शिकवायचं ठरवतो आणि एका हमालाला श्रीमंत घरचा मुलगा म्हणून त्याच्यापुढे उभा करतो. पुढचा सगळा गोंधळ इथून सुरू होतो. अपमान झालेला मध्यस्थ काढून टाकला तर गोविंदा सामानच वाहत राहील. कादरखान आणि गोविंदा यांच्या मधोमध उभं राहून, त्यांच्या वेगाशी वेग जुळवून, पण अपमानाचा सल खरा ठेवून काम करणं याला विनोदाची पक्की जाण लागते. 'आँखे'तला प्यारे मोहन, 'इश्क'मधला गर्विष्ठ बाप ही कामं लोकांना पाठ आहेत. गंभीर नटाने हसवलं की तो घसरला असं मानण्याची खोड मराठी रसिकाला कुठून लागली? ज्यांच्या घरात पु. ल. देशपांडे आणि दादा कोंडके दोघांचीही वाक्यं म्हटली जातात, त्यांना तरी हे शोभत नाही.

पैशाचा मुद्दा. हो, त्यांनी पैशासाठी कामं केली. त्यातली काही सुमार होती, त्या चित्रपटांची नावंही आज कुणाला आठवत नाहीत. नट हा कामावर जाणारा माणूस आहे. त्याला घर आहे, तीन मुली आहेत, महिन्याचा खर्च आहे. शिक्षकाने शिकवणी घेतली, डॉक्टरने रात्रपाळी केली, तर त्याला कुणी 'भरकटला' म्हणत नाही. नटाने मात्र रोज 'अर्धसत्य'च करावा अशी अपेक्षा. 'अर्धसत्य' रोज कोण काढत होतं?

आता त्या नायकपदाकडे वळू, कारण सगळ्या हळहळीचं मूळ तिथे आहे. नगरला नायकच हवा असेल तर तो आहे. शाहू मोडक नगरचेच. 'प्रभात'च्या 'माणूस'चे नायक, 'संत ज्ञानेश्वर'चे ज्ञानेश्वर, आणि पडद्यावरचा श्रीकृष्ण म्हणजे शाहू मोडक असं एका पिढीचं समीकरण. तो मान नगरला मिळून गेलेला आहे. पण एका गोष्टीत एकच माणूस मोठा, बाकीचे त्याच्या मागे उभे राहायला, ही मोजणीच खोटी आहे, आणि हे नगर तालुक्यात तरी कुणाला सांगावं लागू नये. तालुक्यात हिवरे बाजार आहे.

हिवरे बाजार बघायला देशभरातून गाड्या येतात. येणाऱ्यांना पोपटराव पवारांसोबत फोटो हवा असतो. ते स्वाभाविक आहे. 1989मध्ये हा एम. कॉम. झालेला तरुण सरपंच झाला तेव्हा गाव दुष्काळ, दारू आणि भांडणं यांत बुडालेलं होतं, आणि 2020च्या पद्मश्रीपर्यंतचा प्रवास त्यांच्या नेतृत्वाशिवाय झाला नसता. पण ते गाव उभं आहे ते कुणाच्या जोरावर? डोंगरउतारावर सलग समतल चर खोदणाऱ्यांच्या. चराईबंदी झाल्यावर वर्षानुवर्षं डोंगरावर जाणाऱ्या शेळ्या आवरणाऱ्यांच्या. आणि सगळ्यात अवघड म्हणजे, स्वतःच्या रानात, स्वतःच्या पैशाने बोअर घेता येत असताना शेतीसाठी बोअर घ्यायचा नाही हा ग्रामसभेचा ठराव पाळणाऱ्यांच्या. ऊस आणि केळी लावायची नाही हा नियम मानणाऱ्या शेतकऱ्याच्या नावाने बातमी येत नाही. पावसाळा सरला की गावात पाऊस आणि विहिरींची पातळी मोजली जाते, पाण्याचा ताळेबंद ग्रामसभेपुढे मांडला जातो, पिण्याचं आणि जनावरांचं पाणी आधी बाजूला काढलं जातं आणि उरलेल्यावर रब्बीचं ठरतं. त्या बैठकीत मागे बसून 'यंदा गहू कमी करतो' म्हणणारा माणूस दुय्यम असतो का? त्याने शब्द मोडला तर एका हंगामात विहिरी खाली जातील. चरित्र अभिनेत्याचं चित्रपटातलं स्थान नेमकं हेच आहे. पोस्टरवर तो नसेल, पण त्याने काम सोडलं की गोष्ट कोसळते.

हे हिवऱ्याचं नाव चौथ्या आक्षेपासाठीही लागणार आहे.

मार्च 2013. महाराष्ट्रात 1972ची आठवण व्हावी असा दुष्काळ पडलेला. नगर, बीड, जालना, सोलापूर या पट्ट्यात माणसांना टँकरची वाट बघावी लागत होती, जनावरं छावणीत होती. हिवरे बाजारने स्वतःच्या ताळेबंदावर टँकरशिवाय तो उन्हाळा काढला. त्याच महिन्यात मुंबईत वर्सोव्याला धुळवडीसाठी पाणी उधळत 'रेन डान्स' चालला होता. तिथे राहणाऱ्या अमरापूरकरांनी त्याला हरकत घेतली. वय बासष्ट. त्यांना धक्काबुक्की झाली, मारहाण झाली, आणि दुसऱ्या दिवशी त्याची बातमी झाली.

तेव्हाही लोक म्हणाले आणि आजही म्हणतात, कशाला जायचं? सणाच्या दिवशी लोकांचा विरस कशाला करायचा? ज्या जिल्ह्यात हंड्याच्या रांगेत बायकांची दुपार जाते त्या जिल्ह्यातल्या माणसाने खिडकी लावून घ्यावी, अशी यांची अपेक्षा आहे का? हिवरे बाजारला पाणी वाचवणाऱ्याचं कौतुक करायचं, त्याच्या गावाला सहल न्यायची, आणि मुंबईत तेच सांगणाऱ्या नगरच्याच माणसाला 'उठाठेव करतो' म्हणायचं, हे एकाच तोंडाने कसं जमतं?

शिवाय ही उठाठेव त्या दिवशी सुरू झालेली नव्हती. पूर्णवेळ सामाजिक कार्यकर्त्यांना दरमहा मानधन मिळावं म्हणून उभ्या राहिलेल्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी आचार्य अत्र्यांच्या 'लग्नाची बेडी'चे प्रयोग झाले. त्यांत डॉ. श्रीराम लागू, निळू फुले, तनुजा यांच्यासोबत अमरापूरकर होते. अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या कामाशी ते जोडलेले होते. नगरच्या ऐतिहासिक वस्तुसंग्रहालयाशी होते. आणि नगरच्या 'स्नेहालय'शी होते, जी संस्था देहविक्रयात अडकलेल्या बायका आणि त्यांच्या मुलांसाठी काम करते. पडद्यावर महाराणी आणि मामा करणाऱ्या नटाचं हे नातं योगायोग म्हणून सोडून देता येत नाही. त्या बाजाराची त्याला माहिती होती, चीड होती, आणि पडद्यावरच्या दोन्ही भूमिकांत ती उतरली आहे. निळूभाऊंचंही असंच झालं होतं. 'सामना'तला हिंदुराव पाटील आणि सेवा दलातला निळू फुले हे एकाच माणसाचे दोन उद्योग आहेत असं लोकांना कळायला फार वर्षं लागली. ज्या सत्तेचा, ज्या सरंजामीचा त्यांना तिटकारा होता, ती त्यांनी आतून ओळखली म्हणून पडद्यावर एवढी खरी उतरली. अमरापूरकरांच्या बाबतीत तेवढीही वर्षं आपण दिली नाहीत.

नव्वदचं दशक संपता संपता त्यांनी हिंदीतली कामं कमी केली, निवडून भूमिका घेतल्या. 'वास्तुपुरुष'सारख्या मराठी चित्रपटांत दिसत राहिले, सार्वजनिक कामाला वेळ दिला. वाया गेलेल्या माणसाचं उतारवय असं नसतं. 2013मध्येच, होळीच्या त्या प्रकारानंतर काही आठवड्यांनी, 'बॉम्बे टॉकीज' प्रदर्शित झाला. त्यातली दिबाकर बॅनर्जी यांची गोष्ट सत्यजित राय यांच्या 'पटोलबाबू, फिल्मस्टार' या कथेवर बेतलेली आहे. नवाजुद्दीन सिद्दीकी हा त्यातला अपयशी नट. शूटिंग बघत उभा असताना अचानक त्याला क्षणभराची भूमिका मिळते, रस्त्याने जाताना नायकाला धडकण्याची. एवढ्याशा कामाने तो खट्टू होतो. तेव्हा त्याचा मेलेला नाट्यगुरू त्याच्यापुढे येऊन त्याला झापतो. तो गुरू म्हणजे अमरापूरकर. नवाजुद्दीनचा माणूस मग त्या धडकेची तालीम करायला लागतो, आणि तो एक क्षण पुरेपूर करून दाखवतो. कारकीर्दभर छोट्या भूमिका पुरेपूर करणाऱ्या नटाकडे दिबाकर बॅनर्जींनी हे काम उगाच दिलं नसावं. हिंदीतल्या एका मोठ्या चरित्र अभिनेत्याला दुसरा चरित्र अभिनेता भूमिका कशी करायची हे शिकवतो आहे. ज्यांना अमरापूरकर दुय्यम वाटतात त्यांनी हा अर्धा तास बघितलेलाच नाही, असंच म्हणावं लागेल.

4 नोव्हेंबर 2014 रोजी त्यांच्यावर अंत्यसंस्कार झाले ते नगरलाच. तिथे जमलेल्यांत नाटकवाले होते तसे कार्यकर्तेही होते. त्यांना अमरापूरकर पुरते ठाऊक होते. ज्यांना ठाऊक नाहीत त्यांच्यासाठी एक सोपं काम आहे. 11 मे हा त्यांचा जन्मदिवस. त्या दिवशी नगरच्या एखाद्या महाविद्यालयाने, एखाद्या नाट्यसंस्थेने, हिवरे बाजारसारख्या एखाद्या गावाने ग्रामसभेच्या पडद्यावर 'अर्धसत्य', 'दोघी' आणि 'भारत एक खोज'मधला फुल्यांचा भाग एका दिवसात दाखवावेत. शाळकरी मुलांना 'कुली नं. 1'ही दाखवावा. हळहळणाऱ्यांना आग्रहाने बोलवावं, पुढच्या रांगेत बसवावं. चारही पूर्ण बघून झाल्यावर, त्यांच्यापैकी ज्याला अजूनही हा नट वाया गेला असं म्हणायचं असेल त्याने ते तिथे, सगळ्यांसमोर उठून म्हणावं.